वशिला आणि नदीचा उतार

चि. अनिकेत,

ड्यूक ऑफ वेलिंग्टनचा दाखला देऊन तू लिहिलं आहेस की मोठी पदं जन्मानं आणि वशिल्यानंच मिळतात, मग राबायचं कशासाठी? यातला पहिला भाग मला मान्य आहे. हा वेलिंग्टन, म्हणजे मूळचा आर्थर वेलस्ली, १७६९ मध्ये आयर्लंडमधल्या एका अर्लच्या घरात जन्मला. ईटनच्या शाळेत त्याची चमक कुणाला दिसली नाही. त्या काळी ब्रिटिश फौजेत हुद्दे विकत मिळत. थोरल्या भावाकडून पैसे उसने घेऊन हा चोविसाव्या वर्षी लेफ्टनंट कर्नल झाला. पुढे तोच भाऊ, रिचर्ड, हिंदुस्थानचा गव्हर्नर जनरल झाला. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टणच्या तटावर हल्ला चढवला जनरल बेअर्डनं आणि किल्ल्याचा कारभार मिळाला आर्थरला. बेअर्ड संतापला, ते रास्तच होतं. शिवाय हुद्दा विकत घेण्याची ऐपत नसलेले किती कर्तबगार शिपाई तसेच विरून गेले, त्यांची तर नावंही उरली नाहीत.

पण जन्म हेच यशाचं कारण असतं, तर सारख्या कुळातल्यांना सारखं यश यायला हवं होतं. १७९४ च्या फ्लँडर्स मोहिमेत ब्रिटिश फौजेचा सेनापती खुद्द राजाचा मुलगा होता. त्याच्याहून मोठं कूळ कुणाचं? तरी मोहीम फसली आणि फौज थंडी-उपासमारीत हाल काढत मागं हटली. त्या फौजेत वेलस्ली होता. काय करू नये हे आपण तिथं शिकलो, असं तो पुढे सांगत असे. ते शिक्षण १८०३ मध्ये दख्खनेत कामी आलेलं दिसतं. त्याच्या पत्रांतून तलवारीपेक्षा तांदूळ आणि बैलच जास्त भेटतात. म्हैसूरचे अमृतमहाल बैल, धान्य वाहणारे बंजाऱ्यांचे तांडे, पुराच्या नद्या ओलांडायला आधीच बनवून घेतलेल्या नावा, यांची काळजी तो स्वतः वाहत होता. ही कामं त्याच्या वर्गाला कमीपणाची वाटत. माझ्या मते त्याचं खरं वेगळेपण इथंच आहे.

तू म्हणशील, असईच्या लढाईत तर त्याचं नशीबच फळफळलं. २३ सप्टेंबर १८०३ रोजी, आजच्या जालना जिल्ह्यात, शिंदे-भोसल्यांची कितीतरी मोठी फौज केळणा नदीपलीकडे उभी होती. नदीला उतार नाही, असं वाटाडे सांगत होते. पण दोन काठांवर समोरासमोर वसलेली दोन गावं त्यानं दुर्बिणीतून पाहिली आणि ताडलं, की इतकी जवळची गावं येण्याजाण्याची वाट ठेवल्याशिवाय राहणार नाहीत. उतार खरोखरच निघाला. याला नशीब म्हणायला मी तयार नाही. विजय मात्र स्वस्तात मिळाला नाही: शिंद्यांचे गोलंदाज तोफांपाशी लढत मेले आणि वेलस्लीची एक तृतीयांश माणसं ठार किंवा जखमी झाली. हा आपला पराभव होता, म्हणून तर तो नीट समजून घ्यायचा.

तुझ्या मताला सर्वांत मोठं उत्तर त्याच्या उतारवयात मिळतं. वॉटर्लू जिंकलेला, ड्यूक झालेला, पंतप्रधानपदी बसलेला हा माणूस. प्रतिष्ठेत काही कमी नव्हतं. तरी नोव्हेंबर १८३० मध्ये, देशभर मताधिकाराची मागणी पेटलेली असताना, आहे ती प्रतिनिधित्वाची पद्धत उत्तम आहे, असं त्यानं उमरावांच्या सभागृहात ठासून सांगितलं. दोन-तीन आठवड्यांच्या आत सरकार पडलं, पुढच्या वर्षी जमावानं त्याच्या घराच्या काचा फोडल्या आणि १८३२ मध्ये सुधारणेचा कायदा झालाच. नदीकाठी वाटाड्यांचं ऐकून न थांबता स्वतः पाहणारा हा माणूस राजकारणात आपल्याच वर्गाच्या समजुतींवर विसंबला, आणि त्याची थोरवी तिथं कामी आली नाही.

वशिला नसल्याचं तुझं दुःख मी खोटं ठरवत नाही. पण त्यावरून राबणं फुकट ठरत नाही. गर्वुडनं संपादित केलेले वेलिंग्टनचे खलिते मिळव, हिंदुस्थानातल्या पत्रांपासून सुरुवात कर, आणि बैल-धान्याची पानं गाळू नकोस.

तुझा,
मामा