मागील वेतनाचे देणे

पेढीच्या खतावणीत न दिसणारे, तरीही महिन्यागणिक वाढत जाणारे असे एक देणे असते. ज्या नोकराला आपण कामावरून दूर केले आणि ज्याची बडतर्फी पुढे न्यायालयात बेकायदेशीर ठरली, त्याचे मधल्या काळातील वेतन हे ते देणे होय. ‘त्याने काम केले नाही, मग पगार कसला?’ हा प्रश्न व्यापारी माणसाच्या मनात सहजच उभा राहतो. त्याचे उत्तर सभासद बंधूंसमोर ठेवावे, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

यातील तत्त्व सोपे आहे. नोकर काम करण्यास तयार होता. मालकाने त्याला येऊ दिले नाही. ती मनाई बेकायदेशीर ठरली की नोकरीत खंड पडलाच नाही असे मानले जाते, आणि काम न झाल्याचा भार मालकावर येतो. 1978 साली हिंदुस्थान टिन वर्क्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, पूर्ण मागील वेतन हा सर्वसाधारण नियम असून त्यातून सूट मागणाऱ्याने कारण दाखवावे. तेथे कारखान्याची आर्थिक स्थिती पाहून ही रक्कम 75 टक्क्यांवर आणण्यात आली. पुढे 2007 च्या जे. के. सिंथेटिक्स खटल्यात, पुनःस्थापना झाली म्हणजे वेतन आपोआप मिळतेच असे नाही, असा विचार पुढे आला. परंतु 2013 साली औरंगाबाद येथील एका शिक्षिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पूर्ण वेतनाचा नियम पुन्हा दृढ केला.

या निर्णयातील दोन गोष्टी ध्यानात ठेवण्यासारख्या आहेत. मधल्या काळात आपणास दुसरी तशी नोकरी नव्हती, एवढे नोकराने सांगितले की तो अन्यत्र कमावत होता हे सिद्ध करण्याची जबाबदारी मालकावर येते. आणि खटला लांबला म्हणून वेतन कमी होत नाही. न्यायालयातील विलंब हा नोकराचा दोष नव्हे. सेवेचा काळ, आरोपाचे स्वरूप व मालकाची आर्थिक स्थिती यांचा विचार मात्र न्यायालय करते.

हे केवळ कारखान्यांपुरते आहे, असा समज काही बंधूंचा असतो. तो बरोबर नाही. दुकानातील विक्रेता, हिशेब लिहिणारा कारकून, गोदामातील हमाल यांनाही हे संरक्षण मिळू शकते. 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्याची जागा 21 नोव्हेंबर 2025 पासून औद्योगिक संबंध संहिता, 2020 हिने घेतली आहे. काढलेल्या कामगाराने थेट न्यायाधिकरणाकडे जाण्याची मुदत पूर्वी तीन वर्षे होती, ती आता दोन वर्षे झाली आहे.

आता हिशेब मांडून पाहू. दरमहा 15,000 रुपये वेतनाचा एक कायम कारकून दहा वर्षे पेढीत आहे. काम कमी झाले म्हणून त्याला रीतसर कमी करायचे, तर एक महिन्याच्या नोटिशीऐवजी 15,000 रुपये, दर वर्षामागे पंधरा दिवसांचे वेतन याप्रमाणे सुमारे 75,000 रुपये भरपाई आणि पुनर्कौशल्य निधीत सुमारे 7,500 रुपये, अशी लाखाच्या आतली रक्कम होते. हे काहीही न देता ‘उद्यापासून येऊ नका’ असे सांगितले, आणि चार वर्षांनी पूर्ण मागील वेतनासह पुनःस्थापनेचा निकाल लागला, तर अठ्ठेचाळीस महिन्यांचे 7,20,000 रुपये द्यावे लागतील आणि कारकूनही परत घ्यावा लागेल.

नोकराचा अपराध खरा असेल तर मालक असहाय नाही. लेखी आरोपपत्र द्यावे, खुलाशास पुरेसा वेळ द्यावा, निःपक्ष व्यक्तीकडून चौकशी करवावी, साक्षीदारांना उलट प्रश्न विचारू द्यावेत आणि निर्णय कारणांसह लिहावा. रागाच्या भरात काढलेला हुकूम न्यायालयात टिकत नाही. कागदोपत्री केलेली न्याय्य चौकशी बहुधा टिकते. आणि चूक झाली असे दिसून आल्यास नोकराला विनाअट परत बोलावल्याचे पत्र तत्काळ पाठवावे. ते त्याने विनाकारण नाकारले, तर पुढील काळाचे वेतन मागणे त्याला सामान्यतः कठीण जाते.

शेवटी, हा प्रश्न केवळ कायद्याचा नाही. श्रावकाच्या अहिंसाणुव्रताचे जे पाच अतिचार सांगितले आहेत, त्यांत अन्नपाननिरोध हा एक आहे. आश्रिताचे अन्नपाणी रोखणे ही हिंसाच मानली आहे. विनाचौकशी बडतर्फ झालेल्या नोकराच्या घरी त्या महिन्यापासून चूल कशी पेटते, हा विचार या व्रतापासून दूरचा नाही. नोकराला दूर करण्याचा प्रसंग आलाच, तर ‘त्याचे म्हणणे आपण पूर्ण ऐकले काय?’ हा प्रश्न मालकाने प्रथम स्वतःला विचारावा. त्याचे उत्तर ‘नाही’ असेल, तर सही करण्यापूर्वी लेखणी खाली ठेवावी. त्यात धर्म आहे, आणि व्यवहारही.