फेरफार अडला म्हणजे वावर गेलं का?

प्रश्न : आमच्या शिवारात दोन एकर संत्र्याचं वावर घेतलं. पूर्ण पैसे दिले, रीतसर खरेदी लागली. आता विकणाऱ्याच्या भावाने हरकत घेतल्यामुळे फेरफार अडला आहे आणि सातबाऱ्यावर जुनंच नाव आहे. लोक म्हणतात, सातबाऱ्यावर नाव नाही म्हणजे वावर तुमचं नाही. हे खरं का?
– एक वाचक, रिद्धपूर (ता. मोर्शी, जि. अमरावती)

उत्तर : नाही, खरं नाही. १८८२च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५४ प्रमाणे अशी विक्री नोंदणीकृत खरेदीखताने पूर्ण होते. फेरफार त्यानंतर येतो. सरकारने सारा कोणाकडून घ्यायचा, हे ठरवण्यासाठी तो असतो. महसुली नोंदीने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६च्या सावर्णी खटल्यापासून २०२१च्या जितेंद्र सिंह खटल्यापर्यंत पुन्हा पुन्हा सांगितलं आहे.

  

म्हणून सातबारा बिनमहत्त्वाचा, असं मात्र समजू नका. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या (१९६६) कलम १५७ प्रमाणे, उलट सिद्ध होईपर्यंत अधिकार अभिलेखातली नोंद खरी धरली जाते. पीक कर्ज, पीक विमा, नुकसानभरपाई या सगळ्याला सातबारा लागतोच. नाव लागेपर्यंत बागेचा खर्च तुमचा आणि कागदावर खातेदार दुसराच. ही अडचण फार मोठी आहे, आणि तिच्यापायी कित्येक शेतकरी तहसीलच्या पायऱ्या झिजवतात.

फेरफार अडतो कसा? खरेदी लागली की दुय्यम निबंधकाकडून तलाठ्याकडे सूचना जाते. तलाठी नोंद घेतो आणि हितसंबंधितांना नोटीस काढतो. हरकतीसाठी १५ दिवस असतात. हरकत नसेल तर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. हरकत आली की प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत जातं, सुनावणी लागते, आणि अव्वल कारकुनाच्या खालच्या दर्जाचा नसलेला अधिकारी त्यावर आदेश देतो. त्याने पाहायचं ते एवढंच, की नोंद घेण्याजोगा कागद आहे का. मालक कोण, हा निवाडा दिवाणी न्यायालयाचा. भाऊ ‘माझा दावा चालू आहे’ म्हणाला, तरी नुसत्या दाव्याने फेरफार थांबत नाही. त्यासाठी न्यायालयाची मनाई हवी.

पण खरी मेख फेरफारात नाहीच, ती विकणाऱ्याच्या हक्कात आहे. त्याच्याकडे जेवढं होतं तेवढंच तुम्हाला मिळालं. वावर त्याने स्वतःच्या कमाईतून घेतलेलं असेल किंवा वाटणीत त्याच्या नावे आलेलं असेल, तर भावाची हरकत टिकणं कठीण. वडिलोपार्जित आणि न वाटलेलं असेल, तर गोष्ट वेगळी. वऱ्हाडात हे फार दिसतं. भावाभावांनी तोंडी वाटणी करून मध्ये धुरा टाकलेला, वहिती वेगवेगळी, पण सातबारा सामाईकच. अशा वेळी विकणाऱ्याचा अविभक्त हिस्सा तुमच्याकडे आला, ठरावीक दोन एकर नव्हे. मग वाटपाचा दावा लावून हिस्सा मोजून घ्यावा लागतो. विकणारा कुटुंबाचा कर्ता होता आणि विक्री कुटुंबाच्या गरजेसाठी होती, हे सिद्ध करता आलं, तर ती इतरांच्या हिश्शावरही बंधनकारक ठरू शकते.

बहिणींचाही विचार करा. २०२०च्या विनीता शर्मा निकालानंतर वडिलोपार्जित जमिनीत मुलीला जन्मानेच हिस्सा आहे, २००५ साली वडील हयात असोत वा नसोत. आज एक भाऊ उभा राहिला आहे, उद्या दोन बहिणी येऊ शकतात. आणि त्यांचा हक्क खरा असेल तर तो मान्य करणंच न्यायाचं आहे.

तेव्हा आधी जुने सातबारे आणि फेरफार काढा, शक्य तितके मागचे. विकणाऱ्याच्या किंवा त्याच्या वडिलांच्या नावापुढे ‘ए.कु.मॅ.’ (एकत्र कुटुंब मॅनेजर) लिहिलेलं दिसलं, तर ते एकत्र कुटुंबाचं खातं होतं असं समजून चाला आणि वकिलाला ते पान आधी दाखवा.

सुनावणीची एकही तारीख चुकवू नका. खरेदीखताची प्रत, पैसे दिल्याचा बँकेचा पुरावा आणि ताब्याचे कागद लेखी म्हणण्यासोबत द्या, पोच घ्या. आदेश विरोधात गेला तर उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील करा. मुदत ६० दिवसांची आहे. आणि भाऊ हिश्शावरच अडून बसला, तर महसुली अपिलांत वर्षं घालवण्यापेक्षा सरळ दिवाणी न्यायालयात जा.