वारा अंगावर कोण घेतं?

वाचनपाठ, स्तर ४. आधी एकदा मनात वाचा, मग मोठ्याने वाचा. अडलेल्या शब्दांखाली पेन्सिलने रेघ मारा. बऱ्याच शब्दांचा अर्थ पुढच्या ओळीत सापडेल.

जानेवारी २०२६ मधली गोष्ट. सेंदाईत त्या दिवशी झाओच्या डोंगरांवरून बोचरा वारा सुटला होता. मी कामावरून घरी आलो, हातमोजे काढले आणि फोन बघितला, तर पुण्याहून आईने व्हिडिओ पाठवलेला. रस्त्याच्या कडेला माणसांची गर्दी, शाळेच्या गणवेशातली मुलं, आणि मग एकदम 'सूंऽऽ' असा आवाज करत रंगीबेरंगी सायकलींचा घोळका निघून जातो. व्हिडिओ संपला.

मी फोन केला तर आई म्हणाली, "अरे, डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच गेले की सगळे! त्यात पहिला कोण तेच कळलं नाही."

मी म्हटलं, "आई, पहिला बहुतेक मधेच कुठेतरी असेल."

"मधे? मधे असणारा पहिला कसा रे?"

प्रश्न अगदी बरोबर होता. तुम्हालाही तो पडला असेल. हा पाठ म्हणजे त्या प्रश्नाचं जरा लांबलेलं उत्तर आहे.

ती शर्यत होती 'पुणे ग्रँड टूर'. व्यावसायिक सायकलपटूंची, म्हणजे सायकल चालवणं हाच ज्यांचा पोटापाण्याचा उद्योग आहे अशांची. सुरुवातीला शहरातच एक छोटी दौड, आणि मग चार दिवस चार मोठे टप्पे. सगळे मिळून ४३७ किलोमीटर.

'टप्पा' हा शब्द तुम्ही चेंडूच्या बाबतीत ऐकला असेल: एक टप्पा आऊट! इथला टप्पा वेगळा. महाराष्ट्रात एस.टी. बसचं भाडं टप्प्यांवर ठरतं, सहा किलोमीटरचा एक टप्पा. पंढरपूरची वारीसुद्धा टप्प्याटप्प्याने जाते. सकाळी निघायचं, ठरलेल्या गावी मुक्काम करायचा, दुसऱ्या दिवशी तिथून पुढे. टप्प्यांची सायकल शर्यत साधारण तशीच असते. रोज एक टप्पा, रोज एक विजेता, रात्री झोप, सकाळी पुन्हा सायकलवर. फ्रान्समधली 'टूर द फ्रान्स' ही यातली सगळ्यात नावाजलेली शर्यत. ती २१ टप्प्यांची असते आणि तीन आठवडे चालते.

मग शेवटी जिंकतो कोण? जास्त टप्पे जिंकणारा? नाही. सगळ्या दिवसांच्या वेळांची बेरीज करायची. ज्याची बेरीज सगळ्यात कमी, तो विजेता.

वही काढा, एक छोटं गणित करू. तीन सायकलपटू आहेत: लाल टोपी, हिरवी टोपी आणि निळी टोपी. तीन टप्पे आहेत. लाल टोपीला लागले १२०, १५० आणि १९५ मिनिटं. हिरव्या टोपीला १३०, १५८ आणि १८०. निळ्या टोपीला १२१, १५१ आणि १८४. पहिले दोन टप्पे लाल टोपीने जिंकले, तिसरा हिरव्या टोपीने. निळी टोपी एकदाही पहिली आली नाही. आता बेरीज करा आणि मगच पुढे वाचा.

केलीत? लाल ४६५, हिरवी ४६८, निळी ४५६. शर्यत निळ्या टोपीची!

हे फक्त वहीत घडतं असं समजू नका. १९९० मध्ये अमेरिकेच्या ग्रेग लेमाँडने टूर द फ्रान्स जिंकली, तीही एकही टप्पा न जिंकता. त्याच्या आदल्या वर्षीची गोष्ट तर आणखी भारी आहे. १९८९ मध्ये शेवटच्या दिवशी सकाळी फ्रान्सचा लोराँ फिन्यों ५० सेकंदांनी पुढे होता. उरले होते फक्त २४.५ किलोमीटर, आणि त्या दिवशी प्रत्येकाने एकेकट्याने घड्याळाशी शर्यत करायची होती. लेमाँडने ते अंतर फिन्योंपेक्षा ५८ सेकंद लवकर कापलं. वजाबाकी तुम्हीच करा. तीन हजारांहून जास्त किलोमीटर सायकल चालवून फिन्यों किती सेकंदांनी हरला? मला अजूनही त्याचं वाईट वाटतं.

म्हणजे आईच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर मिळालं. घोळक्यात मधे असलेला माणूस बेरजेत पहिला असू शकतो. पण तो मधे का बसतो? पुढे का जात नाही? त्याचं कारण आहे वारा.

हे मला पुस्तकातून नाही, पायांतून कळलं. सेंदाईहून तासाभराच्या अंतरावर इशिनोमाकी नावाचं बंदराचं शहर आहे. २०११ च्या त्सुनामीत ते आणि आजूबाजूचा सगळा किनारा उद्ध्वस्त झाला. त्या भागाला पुन्हा उभारी मिळावी, बाहेरच्या माणसांनी तिथे यावं, म्हणून २०१३ मध्ये 'टूर द तोहोकू' सुरू झाली. सेंदाईचं वर्तमानपत्र 'काहोकू शिंपो' आणि 'याहू जपान' यांनी मिळून ती सुरू केली. ही शर्यत नाही बरं का, नुसती सायकलफेरी. इथे पहिला नंबर नाही आणि बक्षीसही नाही. वाटेत गावातले लोक हात हलवतात, थांबलात तर गरम गरम खायला देतात.

(टूर द फ्रान्सही १९०३ मध्ये एका वर्तमानपत्रानेच सुरू केली होती, पण तिथला हेतू सरळ होता: पेपर जास्त खपावा! तो पेपर पिवळ्या कागदावर छापला जायचा. म्हणून १९१९ पासून बेरजेत पुढे असणाऱ्याला पिवळी जर्सी मिळू लागली.)

तर एका वर्षी मी त्या फेरीत गेलो. ऑफिसात दिवसभर खुर्चीवर बसणारा माणूस मी. किनाऱ्याच्या रस्त्यावर समोरून वारा आला आणि माझी पार दमछाक झाली. पेडल मारतोय, पण सायकल जागची हलत नाही असं वाटायला लागलं. तेवढ्यात माझ्या वडिलांच्या वयाचे एक जपानी काका शेजारून पुढे गेले आणि हाताने खूण केली: मागे ये. मी त्यांच्या मागच्या चाकाला चिकटून चालवायला लागलो. आणि काय सांगू, जणू कुणीतरी खिडकी लावून घेतली! वारा गायब. तोच वेग, पण पाय हलके.

यामागचं विज्ञान सोपं आहे. सपाट रस्त्यावर वेगाने जाताना सायकलपटूची बहुतेक ताकद हवा बाजूला सारण्यात जाते. वेग दुप्पट झाला तर हवेचा अडथळा चौपट होतो. पुढचा माणूस हवा फोडतो, त्याच्या पाठीमागे आडोसा तयार होतो, आणि मागच्याची साधारण पाव ते एक तृतीयांश मेहनत वाचते. घोळक्याच्या आत असलेल्याची तर त्याहून जास्त. पावसात मोठ्या माणसाच्या छत्रीत शिरावं, तसंच हे.

पण छत्री धरणारा कुणीतरी लागतो ना?

टूर द फ्रान्समध्ये आता प्रत्येक संघात आठ जण असतात. त्यातल्या एकाला जिंकवायचं असं आधीच ठरलेलं असतं. उरलेले सात जण त्याच्यासाठी वारा अंगावर घेतात. मागे संघाच्या मोटारीपर्यंत जाऊन पाण्याच्या बाटल्या आणतात, जर्सीत कोंबतात आणि पुन्हा जोर लावून पुढे येऊन वाटतात. नेत्याचं चाक पंक्चर झालं तर आपलं चाक काढून देतात. फ्रेंचमध्ये अशा मदतनिसाला 'दोमेस्तिक' म्हणतात, म्हणजे चक्क घरगडी! तो शब्द आधी टोमणा म्हणूनच वापरला गेला होता. जपानीत 'आशिस्तो' म्हणतात, ते मला जास्त आवडतं. तुमच्यापैकी जे 'योवामुशी पेडल' बघतात त्यांना हा शब्द नवा नसेल.

चढ आला की मात्र खेळ बदलतो. घाटात वेग कमी होतो, त्यामुळे वारा फारसा आडवा येत नाही आणि आडोशाचाही तेवढा उपयोग होत नाही. 'टूर ऑफ जपान' या शर्यतीत फुजी पर्वतावरचा एक टप्पा असतो. जवळजवळ साडेअकरा किलोमीटरचा चढ, आणि सरासरी चढण १० टक्के. म्हणजे १०० मीटर पुढे गेलात की १० मीटर वर. तिथे ज्याचं त्याने चढायचं. बेरजेतली मोठी अंतरं अशाच ठिकाणी पडतात. आपल्याकडच्या जुन्या मुंबई-पुणे सायकल शर्यतीत बोरघाट सगळ्यात आधी चढणाऱ्याला 'घाटाचा राजा' म्हणतात. फ्रान्समध्ये डोंगरांच्या राजाला लाल ठिपक्यांची पांढरी जर्सी मिळते. जर्सी त्यांची छान आहे, पण नाव आपलंच झकास.

आता एक खरी गोष्ट सांगतो. ती नीट वाचा, कारण शेवटचा प्रश्न तिच्यावर आहे.

१९३४ सालची टूर द फ्रान्स. तेव्हा देशांचे संघ असायचे. फ्रान्सच्या संघात रने व्हिएतो नावाचा २० वर्षांचा मुलगा होता. चढ चढण्यात त्याचा हात, म्हणजे पाय, कुणी धरू शकत नव्हतं. काही टप्पे त्याने जिंकलेही होते. पण पिवळी जर्सी होती त्याच्याच संघातल्या आंतोनँ मान्यकडे. (आडनावाचा उच्चार खरंच 'मान्य'सारखा होतो, हसू नका.) पिरेनीज पर्वतातल्या एका उतारावर मान्य पडला आणि त्याच्या सायकलचं पुढचं चाक मोडलं. व्हिएतोने आपलं पुढचं चाक काढलं आणि त्याला दिलं. मान्य गेला. व्हिएतो रस्त्याकडेच्या दगडी कठड्यावर बसून राहिला, एका चाकाची सायकल शेजारी, मदतीच्या गाडीची वाट बघत. एकेक मिनिट जात होतं आणि त्याच्या स्वतःच्या बेरजेत जमा होत होतं. तो रडत होता. त्याचा तो फोटो पुढे खूप प्रसिद्ध झाला.

दुसऱ्या दिवशी मान्यच्या सायकलने पुन्हा दगा दिला. व्हिएतो तेव्हा पुढे गेलेला होता. तो मागे वळला, उलटा परत आला आणि त्याने पुन्हा मदत केली.

ती शर्यत मान्यने जिंकली. व्हिएतो पाचवा आला, आणि डोंगरांचा राजा ठरला. पुढे तो बरीच वर्षं शर्यतीत उतरत राहिला, पण टूर द फ्रान्स त्याला कधीच जिंकता आली नाही.

जपानी सायकलपटूंबद्दल थोडं सांगायला हवं. या शर्यतीत रोज वेळेची मर्यादा असते. विजेत्यापेक्षा फार मागे पडलात तर दुसऱ्या दिवशी सुरुवातच करता येत नाही. १९९६ मध्ये दाइसुके इमानाका त्याच कारणाने बाहेर पडला. मग २००९ मध्ये फुमियुकी बेप्पू आणि युकिया आराशिरो हे दोघं पॅरिसपर्यंत पोचले. शर्यत पूर्ण करणारे ते पहिले जपानी. शेवटच्या टप्प्यात बेप्पू घोळका सोडून पुढे निघाला आणि सगळा वारा अंगावर घेत राहिला. शेवटी घोळक्याने गाठलंच. पण त्या दिवसाच्या सर्वांत लढवय्या सायकलपटूचा मान त्यालाच मिळाला.

आणि पुणे? तिथे बेरजेत पहिला आला न्यूझीलंडचा ल्यूक मडजवे. आईला सांगितलं तर म्हणाली, "असू दे. पण त्याच्यापुढे वारा खात होती ती पोरं कोण रे? त्यांची नावं कुणी छापली का?"

शब्दांकडे बघा. 'वारा खाणे' म्हणजे एरवी गार वाऱ्यात निवांत बसणे. आईने तो कोणत्या अर्थाने वापरला? 'दमछाक होणे', 'दगा देणे' आणि 'पातं लवतं न लवतं तोच' हे वापरून तुमच्या शाळेतल्या खेळांबद्दल एकेक वाक्य लिहा.

घरी विचारा. तुमच्या घरात, शाळेच्या संघात किंवा आई-बाबांच्या ऑफिसात 'आशिस्तो' कोण आहे? त्या व्यक्तीला दोन प्रश्न विचारा आणि उत्तरं त्यांच्याच शब्दांत लिहून आणा. जपानीत किंवा इंग्रजीत बोलले तर मराठीत आणायचं काम तुमचं.

शेवटचा प्रश्न. तुम्ही त्या दगडी कठड्यावर बसलेले रने व्हिएतो आहात. गाडी अजून आलेली नाही. आईला आठ-दहा ओळींचं पत्र लिहा. चाक दिलं ते बरोबर केलं असं तुम्हाला वाटतं का, ते खरं खरं लिहा. 'नाही' असं उत्तर असेल तरी चालेल. पत्रं शनिवारी वर्गात वाचायची आहेत.