खजुरावर चॉकलेट : घरातल्या कामाचा पक्का हिशेब

कापडाचा व्यापारी चॉकलेटवर का लिहितो, असे काही वाचक विचारतील. कारण साधे आहे. गेल्या दोन रमजानपासून मालेगावात आमच्या घरी चॉकलेट लावलेल्या खजुरांच्या पेट्या तयार होतात. काम सूनबाई करते, हिशेब मी ठेवतो. पहिल्या वर्षी तोटा आला. तो कशामुळे आला हे नंतर कळले. ज्या भगिनींना हा धंदा करायचा आहे त्यांनी तो आधीच समजून घ्यावा.

प्रथम माल ओळखा. बाजारात चॉकलेटच्या लाद्या दोन जातीच्या मिळतात. अस्सल चॉकलेटमध्ये कोको बटर असते. दुसरे कंपाउंड, त्यात कोको बटरऐवजी वनस्पतीजन्य चरबी घातलेली असते. ते स्वस्त पडते, उष्णतेत जरा जास्त टिकते आणि नुसते वितळवून वापरता येते. चव मात्र अस्सलची निराळी. कापडात कॉटनही विकले जाते आणि पॉलिस्टरही. पॉलिस्टर कॉटन म्हणून विकू नये एवढेच. पाकिटावरची घटकांची यादी वाचून घ्या. त्यावर हिरवा ठिपका आहे की नाही तेही पाहा, कारण इमल्सिफायर काही वेळा प्राण्यांच्या चरबीपासूनही बनते आणि गिऱ्हाईक नेमके तेच विचारते.

अस्सल चॉकलेट वितळवून तसेच लावले तर ते नीट घट्ट होत नाही, एक-दोन दिवसांत पांढरट पडते. कोको बटर थिजताना त्याचे कण वेगवेगळ्या प्रकारे जुळतात. त्यातला एकच प्रकार चकचकीत आणि कडक असतो. तो मिळवण्याची घरगुती रीत अशी. लादी बारीक चिरून एक चतुर्थांश भाग बाजूला ठेवा. बाकीचे गरम पाण्याच्या पातेल्यावर ठेवलेल्या भांड्यात ४५ अंशांपर्यंत वितळवा. खाली उतरवून राखलेला चुरा थोडा थोडा टाकत ढवळत राहा. काळे चॉकलेट ३१-३२ अंशांवर आणि दुधाचे २९-३० अंशांवर आले की बुडवायला घ्या. सुरीच्या टोकाला लावलेला थेंब पाच मिनिटांत चमकून सुकला तर समजा जमले. थर्मामीटर घ्याच. अंदाजाने काम करणाऱ्याचा माल रोज निराळा निघतो.

पाणी हा या कामाचा दुश्मन. एकदा खालच्या पातेल्यातली वाफ भांड्यात शिरली आणि दोन किलो चॉकलेट क्षणात घट्ट, दाणेदार झाले. ओलाव्याने साखर आणि कोकोची भुकटी एकमेकांना चिकटते. ते मग लेप द्यायच्या कामाचे राहत नाही. फेकू मात्र नका. गरम दूध जास्त घालून घोटले की घरातल्या मुलांचा दोन दिवस आनंद होतो.

खजूर ओल्या फडक्याने पुसून पूर्ण सुकवावेत. चीर देऊन बी काढताना आत कीड नाही ना, हे प्रत्येक खजुरात पाहावे. भाजून थंड केलेला बदाम भरून, काट्याने बुडवून, बटर पेपरवर ठेवावे. खजुरात पाणी कमी, म्हणून थंड कोरड्या जागी माल आठवडे टिकतो. स्ट्रॉबेरीचे तसे नाही. महाबळेश्वर-पाचगणीची असो की आमच्या जिल्ह्यातल्या सुरगाणा-कळवण भागातली, ती रसाळ असते. धुऊन कापडावर तासन्तास सुकवावी, देठ ठेवावा, फ्रिजमधून काढल्या काढल्या बुडवू नये. थंड फळाला घाम सुटतो. आणि ती त्याच दिवशी खपली पाहिजे. म्हणून स्ट्रॉबेरी फक्त सांगून ठेवलेल्या ऑर्डरवर.

आता हिशेब. पहिल्या वर्षी शंभर नगांचा खर्च असा लिहिला होता : खजूर ४५०, बदाम ११०, चॉकलेट २५०, पेट्या व कागद १५०, गॅस-वीज ३०. एकूण ९९० रुपये, म्हणजे नगाला दहाच्या आत. बारा रुपये भाव लावला आणि खूश झालो. पण सूनबाईचे चार तास कोणी धरले? बाहेरच्या बाईला ताशी ७५ दिले असते तर ३०० झाले असते. शिवाय शंभरात पाच नग मोडतात किंवा डागी निघतात. म्हणजे १,२९० रुपये खर्चून ९५ नग विकायचे, हाती ११४०. दर शेकडा दीडशेचा तोटा, आणि तो घरातल्या बाईच्या मेहनतीतून भरला जात होता. आपल्या किती घरांत असे चालते!

दुसरा फटका उधारीचा. एका दुकानदाराने पेट्या काउंटरवर उन्हात ठेवल्या, माल पांढरा पडला आणि ईदनंतर परत पाठवला. आता निम्मी रक्कम आगाऊ घेतल्याशिवाय आम्ही लादी चिरत नाही.

कोकोच्या भावावरही लक्ष ठेवा. घाना आणि आयव्हरी कोस्टचे पीक बिघडल्यामुळे डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कच्या बाजारात कोको टनाला १२,००० डॉलरच्या वर गेला होता. असा भाव फिरला की जुना दर पाळून बसू नये.

हंगाम सध्या आपल्या बाजूने आहे. रमजान दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतो. २०२६ चा फेब्रुवारीत सुरू झाला. २०३० साली तर हिशेबाने जानेवारी आणि डिसेंबर असा दोनदा येईल. म्हणजे पुढची काही वर्षे थंडी, स्ट्रॉबेरी आणि इफ्तारच्या पेट्या एकत्र येतात. मे महिन्यात आमच्या गावी हाच माल रिक्षातून चौकापर्यंत जाईतो वितळला असता.

विक्रीआधी अन्न सुरक्षा व मानके कायदा, २००६ प्रमाणे नोंदणी करून घ्या. घरून काम केले तरी ती लागते. मिळालेला चौदा अंकी क्रमांक, घटक, वजन आणि तारीख पेटीवर छापा. बदाम आहे हे ठळक लिहा, काहींना तो चालत नाही.