सोले, सांबार आणि वाटीतलं नाणं

संक्रांतीच्या आगेमागे पातूरच्या बाजारात तुरीच्या ओल्या शेंगा येतात. त्यातले ताजे दाणे म्हणजे सोले. लेक पुण्याहून येते ती मे महिन्यात, आणि तिला तेव्हाच सोलेभात हवा असतो. त्यापायी पाच वर्षं फ्रीजरशी झटापट चाललीय.

१. सोले कच्चे कोंबू नयेत. पहिल्या वर्षी ३ किलो सोले धुऊन ओलेच एका पिशवीत भरले. एप्रिलमध्ये धोंडा निघाला, तो बत्त्याने फोडावा लागला. आमटीला वाळल्या गवताचा वास. सासूबाई म्हणाल्या, "कायले कोंबलं वं बरफात? उन्हात टाकलं असतं तं खाता तरी आलं असतं." थंडीने दाण्यातली एन्झाइम मरत नाहीत, मंदावतात आणि रंग-चव खात राहतात. आता खळखळत्या पाण्यात थोडे थोडे सोले टाकते, दोनच मिनिटं. मग लगेच तेवढाच वेळ बर्फाच्या पाण्यात, नाहीतर ते आतल्या आत शिजत राहतात.

२. पुसायचा कंटाळा नको. जुन्या सुती लुगड्यावर, पंख्याखाली सोले कोरडे होऊ द्यावेत. मग ताटात एकेरी थर गोठवायचा आणि त्यानंतर पिशवीत भरायचे. दाणे सुटे राहतात, मूठभर काढता येतात. एका वेळी दोन ताटंच. गर्दी केली की गोठायला वेळ लागतो, बर्फाचे खडे मोठे होतात आणि दाणा फाडतात.

३. वांग्याच्या कच्च्या फोडी काळ्या आणि लिबलिबीत होतात. भाजून, सोलून गर ठेवला तर भरीत झकास. सांबार (पुण्याची कोथिंबीर) कोरडा चिरून ठेवावा. वरणात चालतो, वरून भुरभुरायला नाही. काकडीच्या वाटेला जाऊच नये.

४. साध्या फ्रीजमधला बर्फाचा कप्पा म्हणजे फ्रीजर नव्हे. महिनोन्‌महिने टिकवायचं तर उणे १८ अंश लागतात. गवार मात्र मी अजून वाळवतेच. इथलं ऊन फुकट आहे, आणि तळलेल्या गवारीची चव फ्रीजरला जमत नाही.

५. वाटीभर पाणी गोठवून त्यावर एक नाणं ठेवते. गच्च भरलेला फ्रीजर उघडला नाही तर वीज गेल्यावरही साधारण दोन दिवस तग धरतो. पण घरी नसताना किती वेळ गेली ते कळणार कसं? गेल्या जूनमध्ये लग्नाहून परतले. वीज होती, पुड्या टणक होत्या. नाणं मात्र वाटीच्या तळाशी, बर्फात गाडलेलं, म्हणजे सगळं वितळून पुन्हा गोठलं होतं. सगळे सोले उकिरड्यावर टाकले, आणि सासूबाई एक शब्द बोलल्या नाहीत.