वृद्धांची आरोग्यसेवा आणि मधली वाट

भाईंदर स्टेशनच्या पश्चिमेस उत्तनची बस धरली की काही वेळाने इमारतींची दाटी मागे पडते आणि पुढे डोंगरी, उत्तन, पाली, चौक ही गावे लागतात. किनाऱ्यावर होड्या, बांबूच्या मांडवांवर वाळत घातलेले बोंबील. कागदोपत्री मात्र हे शहर आहे. मीरा-भाईंदरची नगरपरिषद १९८५ साली झाली, महानगरपालिका २००२ साली. २०११ च्या जनगणनेत लोकसंख्या ८,०९,३७८ भरली. ग्रामीण वृद्धांच्या आरोग्यसेवेचा विचार शहराच्या हद्दीतून सुरू करण्याचे कारण एवढेच की, गावातील म्हाताऱ्या माणसाची अडचण हद्द बदलल्याने बदलत नाही, हे येथे स्पष्ट दिसते.

भोर समितीच्या १९४६ च्या अहवालापासून आपल्याकडे प्राथमिक आरोग्य केंद्राची कल्पना रुजली. आजच्या निकषानुसार सपाट प्रदेशात ३० हजार लोकांमागे, तर डोंगराळ व आदिवासी भागात २० हजारांमागे एक केंद्र असावे. शहरात हेच प्रमाण ५० हजारांचे आहे. निकष लोकसंख्येचा आहे, वाटेचा नाही. तरुणाला पाच किलोमीटर म्हणजे सायकलची फेरी. गुडघे धरलेल्या, दृष्टी अधू झालेल्या माणसाला तेच अंतर पुष्कळदा ओलांडताच येत नाही.

शिवाय म्हातारा माणूस एकटा दवाखान्यात जात नाही, त्याला सोबत लागते. कोळी कुटुंबाचे उदाहरण घ्या. मुलगा होडीवर, कधी दोन-चार दिवस समुद्रातच. सून भल्या पहाटे मासळीची पाटी घेऊन बाजाराला. अशा घरात आजीला डॉक्टरकडे न्यायचे म्हणजे कोणाची तरी एक दिवसाची कमाई बुडवायची. आजी हा हिशेब मनातल्या मनात करते आणि "मला काय झालंय?" म्हणून गप्प बसते. रत्नागिरी-सिंधुदुर्गात तर मुले मुंबईला, म्हणजे सोबतीचा प्रश्नच मिटला! २०११ च्या जनगणनेत देशातील साठीपुढील माणसे सुमारे १० कोटी ३८ लक्ष होती आणि त्यांपैकी ७१ टक्के खेड्यांत राहत होती. महाराष्ट्रात वृद्धांचे प्रमाण ९.९ टक्के, देशाचे ८.६.

शासनाने काही केले नाही, असे म्हणता येणार नाही. १५ ऑगस्ट २०२३ पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत उपचार निःशुल्क झाले. ऑक्टोबर २०२४ पासून सत्तरीपुढील सर्वांना आयुष्मान भारत योजनेत पाच लाखांपर्यंतचे संरक्षण मिळाले. पंचाहत्तरी उलटलेल्यांना ऑगस्ट २०२२ पासून एसटीचा प्रवास मोफत आहे. सोबतच्या माणसाचे तिकीट मात्र काढावेच लागते. विम्याचे संरक्षणही रुग्णालयात दाखल झाल्यावरचे. वृद्धांचे नेहमीचे दुखणे म्हणजे रक्तदाब, मधुमेह, सांधेदुखी. त्यांना खाट लागत नाही. दरमहा तपासणी आणि रोजची गोळी लागते. गोळी दोन महिने चुकली की पक्षाघाताचा धोका वाढतो, आणि मग पाच लाखांचे संरक्षण उपयोगी पडते!

मोतीबिंदूच्या बाबतीत हे कोडे बरेचसे सुटले. १९७६ साली राष्ट्रीय अंधत्व नियंत्रण कार्यक्रम सुरू झाला. डोळे तपासण्याची शिबिरे खेड्यात भरू लागली, पुष्कळ ठिकाणी रुग्णाला गाडीने नेऊन शस्त्रक्रियेनंतर परत आणून सोडले जाऊ लागले. येथे सेवाच माणसाकडे चालत गेली. पण मोतीबिंदू एकदा काढला की काम झाले. रक्तदाबाला दरमहा शिबीर कोण भरवणार?

याचे उत्तर आपल्याच राज्यात शोधता येते. डॉ. रजनीकांत व डॉ. मेबल आरोळे यांनी १९७० साली जामखेडला काम सुरू केले, तेव्हा गावातल्याच, बहुधा निरक्षर स्त्रियांना शिकवून आरोग्यसेविका केले. २००५ नंतरची 'आशा' ही त्याच जातीची कल्पना. फक्त तिच्या कामाची आखणी मुख्यतः माता व बालक यांना डोळ्यांपुढे ठेवून झाली. वृद्धांच्या आरोग्याचा राष्ट्रीय कार्यक्रम २०१०-११ पासून आहे आणि अंथरुणाला खिळलेल्यांना घरी जाऊन पाहण्याची तरतूदही त्यात आहे. तिचा उपयोग जे अजून अंथरुणाला खिळलेले नाहीत, पण बसची पायरी ज्यांना चढवत नाही, त्यांच्यासाठीही व्हावयास हवा. पाली-चौकसारख्या वस्तीत गावचीच एखादी बाई महिन्यातून एकदा रक्तदाबाचे यंत्र आणि गोळ्या घेऊन दारी आली, तर पुष्कळ वृद्धांची दरमहाची भाईंदरची फेरी टळेल आणि सुनेचा बाजारही बुडणार नाही.