मुदतवाढ मिळाली, मग कर कधी भरायचा?

प्रश्न : मी गेल्या जुलैत न्यू जर्सीहून व्हर्जिनियात राहायला आलो. फेडरल रिटर्नसाठी ४८६८ फॉर्म भरून ऑक्टोबरपर्यंत मुदत घेतली आहे. राज्यांचे कर तेव्हाच भरले तर चालेल ना?

उत्तर : नाही. मुदतवाढ कागद दाखल करायला मिळते, पैसे भरायला नाही. इथेच बहुतेकांची गल्लत होते.

तुम्हाला दोन्ही राज्यांत वर्षाच्या काही भागापुरते रहिवासी म्हणून रिटर्न भरावं लागेल आणि दोन्हींच्या तारखा वेगळ्या आहेत. न्यू जर्सीची १५ एप्रिल, म्हणजे फेडरलचीच. फेडरल मुदतवाढ तिथे चालते खरी, पण त्या तारखेपर्यंत ८० टक्के कर जमा झालेला हवा. व्हर्जिनियाची तारीख १ मे. तिथे सहा महिन्यांची वाढ अर्ज न करताच मिळते; मात्र १ मेपर्यंत ९० टक्के रक्कम पोहोचली नाही, तर दंड लागतो. उरलेल्या रकमेवर व्याज दोन्हीकडे चढतंच.

आता डब्ल्यू-२ काढा आणि खालचे १५ ते १७ क्रमांकांचे रकाने बघा. दोन्ही राज्यांची नावं, तिथला पगार आणि कापलेला कर दिसायला हवा. पत्ता बदलल्याचं पेरोलला उशिरा कळवलं असेल, तर सगळी कपात जुन्या राज्यातच गेलेली असते. मग न्यू जर्सीकडून परतावा येईल, पण व्हर्जिनियाचा कर आधी खिशातूनच भरावा लागेल. कंपनीकडून दुरुस्त डब्ल्यू-२ आजच मागवा.